क्यामेरा कुठं लागणार?

आमच्या मराठी मंडळाच्या यंदाच्या स्मरणिकेत आतल्या पानावर दत्तोबांचा फोटो आहे. त्याखाली छापलंय, ‘कै. दत्तात्रेय कागलकर, ज्येष्ठ कलादिग्दर्शक’. ते वाचलं आणि माझं डोकं फिरलं. एका ओळीत तीन चुका. त्यांचं नाव दत्तोबा होतं, शाळेच्या दाखल्यावरसुद्धा. आडनाव सुतार. कागलकर हे त्यांच्या डॉक्टर मुलानं गावावरून घेतलेलं. आणि धंदा? धंदाही सुताराचाच.

मी तिथल्या तिथे संपादकांना फोन लावला. संपादक म्हणजे प्रभाकरराव, मोटार कंपनीत इंजिनियर आहेत.

“अहो जाधव, फिल्म लाइनमधला माणूस,” ते म्हणाले. “त्यातून आपल्या डॉक्टरांचे वडील. नुसतं ‘सुतार’ छापलं तर बरं दिसतं का? आम्ही जरा नीट केलं.”

“नीट केलं म्हणजे? वाकडं काय होतं त्यात?”

“तुम्ही लगेच चिडता.”

“चिडणारच. कुणी लिहून दिलं हे तुम्हाला?”

“मजकूर डॉक्टरांकडूनच आला होता. एवढं वाटतंय तर पुढच्या अंकासाठी तुम्हीच लिहा ना! लाकडाबरोबर शब्दही असतीलच तुमच्याकडे.”

टोमणा होता, पण मी ऑर्डर म्हणून घेतली. मी अमेरिकेत, ॲन आर्बरला इंजिनियर व्हायला आलो होतो. दुसऱ्या वर्षी पैसे संपले, कॉलेज सुटलं, आणि एका लाकडाच्या यार्डात ट्रक भरायच्या कामाला लागलो. आज ते यार्ड माझं आहे. पण मंडळाच्या हिशेबी मी अजून नापास विद्यार्थीच. मला पाहिलं की डॉक्टर-इंजिनियर मंडळींना एकच गोष्ट आठवते, गणपतीच्या मखराचं प्लायवूड. तेही फुकट. हा राग माझ्या पोटात आहे, आणि तो या लिखाणात मधूनमधून बाहेर येईल. आला तर येऊ दे.

दत्तोबा मला पहिल्यांदा दिसले ते मार्च महिन्यात, यार्डाच्या फाटकाशी. मी सकाळी कुलूप काढायला गेलो तर एक म्हातारा उभा. अंगात मुलाचा लांब ओव्हरकोट, त्याखाली धोतर, पायांत बर्फाचे बूट आणि लोकरी टोपीच्या आत आपली पांढरी टोपी. इंग्रजीचं एक अक्षर येत नव्हतं. सुनेनं दुकानाला जायला बस दाखवून दिली होती. बसच्या खिडकीतून त्यांना माझी फळ्यांची थप्पी दिसली, आणि ते तिथेच उतरले.

“मराठी का?” मी विचारलं.

“तुमी इचारताय म्हंजी तुमीबी.”

एकमेकांची नावं सांगून झाली. मग माझ्याकडे न बघता ते थप्पीपाशी गेले. हातमोजा काढला, फळीवर बोटाच्या पेरानं टकटक केलं, नाक लावून वास घेतला.

“ह्ये लाकूड हाय का पाव?”

“पाइन आहे दत्तोबा. इथली सगळी घरं याचीच बांधतात.”

“पावच हाय,” ते म्हणाले, आणि माझ्याच यार्डात माझ्याच मालाला नावं ठेवत सगळीकडे हिंडले. दुसरा कोणी असता तर मी बाहेर काढला असता. पण जाताना ते म्हणाले, “येतो जाधवशेट.” शेट! पंधरा वर्षांत या गावात मला कोणी शेट म्हटलं नव्हतं. मी विरघळलो. धंद्यात मला एवढ्या स्वस्तात कुणी घेतलेलं नाही.

मग ते आठवड्यातून तीन-चारदा येऊ लागले. बादली उलटी घालून त्यावर बसायचे आणि मी फेकून दिलेले वाकडे खिळे गोळा करून एका लोखंडी तुकड्यावर सरळ करायचे. अमेरिकेत वाकडा खिळा सरळ करायला लागणारा वेळ नव्या शंभर खिळ्यांपेक्षा महाग पडतो, हे मी त्यांना समजावून सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं.

“खिळा वाकतो त्यो मारणाऱ्यापायी. त्यात त्येचा काय दोष?” असं म्हणून पुढचा खिळा घेतला.

त्यांच्या बोलण्यातून तुकड्यातुकड्यांनी कळलं की चाळीस वर्षं ते कोल्हापूरच्या स्टुडिओत सेट बांधत होते. राजवाडे, तुरुंग, देवळं, किल्ल्याचे बुरूज. त्यातल्या एकालाही चार भिंती नव्हत्या. त्यामुळे त्यांना एक खोड लागली होती. कुठलंही काम सांगा, आधी विचारायचे, “क्यामेरा कुठं लागणार?” मग त्या जागी जाऊन उभे राहायचे, डावा डोळा मिटायचे आणि उजव्यानं बघायचे. जेवढं दिसेल तेवढंच करायचं. जे दिसणार नाही त्यावर रंध्याचा एक हात मारणं म्हणजे मालकाचं लाकूड आणि आपला जीव वाया घालवणं.

माझ्या बायकोनं, सुमननं, त्यांच्याकडून स्वयंपाकघरात एक कपाट करून घेतलं. हे गॅसपाशी उभे राहिले, डोळा मिटला.

“वहिनी, तुमी हितनंच बघणार न्हवं?”

“हो, इथूनच.”

दर्शनी बाजू अशी झाली की शेजारची अमेरिकन बाई हात फिरवून गेली. पुढच्या महिन्यात सुमननं कपाट खिडकीकडे हलवलं आणि मागची बाजू उघडी पडली. खडबडीत फळ्या, पेन्सिलीच्या खुणा आणि वर गोंदाचे ओघळ.

“दत्तोबा, हे काय हो?”

“तुमी क्यामेरा हलवलासा, वहिनी,” ते शांतपणे म्हणाले. “मला सांगायचं तरी.”

त्यांचा मुलगा, डॉक्टर विलास कागलकर, इथल्या मोठ्या हॉस्पिटलात सर्जन. वाईट माणूस नाही, हे आता लिहितो; तेव्हा लिहिलं नसतं. वडिलांना त्यानं मोठ्या मायेनं आणलं होतं, ग्रीन कार्ड काढलं होतं, स्वतंत्र खोली, टीव्ही, मऊ सोफा दिला होता. फक्त त्यांच्या धंद्याचा उच्चार होऊ देत नव्हता. घरी जेवणं असली आणि कुणी विचारलं की सांगायचा, “अप्पा फिल्म लाइनमध्ये होते. प्रॉडक्शन साइडला.” लोकांना वाटायचं निर्माते असतील.

अशाच एका जेवणाला मी होतो. कोणीतरी आदरानं विचारलं, “काका, ते राजवाड्यांचे सेट वगैरे तुमचेच का?”

“आमचे कसले? राजाचे,” दत्तोबा म्हणाले. “आमी मागनं टेकू लावलेला.”

“अप्पा, श्रीखंड घ्या ना,” डॉक्टर घाईनं म्हणाला.

दत्तोबांनी श्रीखंड घेतलं नाही. ज्यानं विचारलं होतं त्याची खुर्ची डुगडुगत होती. ते खाली बसले, रिकाम्या काडेपेटीची घडी करून पायाखाली सारली आणि पाहुण्याला म्हणाले, “आता रेला.” सगळे हसले, डॉक्टर हसला नाही.

निघताना ते मला पोर्चपर्यंत सोडायला आले. दोन्ही पंजे समोर धरून बोटं उघडमीट करत होते.

“शेट, हात निजायला लागल्यात. एक काम द्या. मोठं. शेवटचं म्हना. न्हाईतर मला परत धाडायला सांगा ह्येला. त्या सोफ्यावर मी हळूहळू गादीच व्हायला लागलोय.”

“डॉक्टरांना चालणार नाही.”

“त्येला इचारून मी सुतार झालो न्हाई.”

बोलले खरे, पण मुलाला दुखवायची त्यांची तयारी नव्हती. आणि मोठं काम मी तरी आणणार कुठून?

ते आलं स्वीडनहून.

ऑगस्टमध्ये एक स्वीडिश सिनेमाची कंपनी मिशिगनच्या वरच्या भागात, इथून चार तासांवरच्या एका तळ्याकाठी उतरली. शंभर वर्षांपूर्वी त्यांच्या देशातून इकडे जंगलात आलेल्या एका जोडप्याची गोष्ट होती आणि त्यात त्या जोडप्याचं ओंडक्यांचं घर हवं होतं. माणसं वीस-पंचवीस, पैसा बेताचा. त्यांचा सुतार-मुकादम लार्स हा सहा फुटी, पिवळ्या दाढीचा माणूस माझ्याकडे माल बघायला आला. त्याच्या दोन सुतारांपैकी एकाची पाठ धरली होती, म्हणून तो माणूसही शोधत होता. हातात यादी, अख्ख्या घराची. दोन ट्रक ओंडके. मी घासाघीस सुरू केली. घासाघीस मला येते. पाऊण तासात त्याला मी पाहिजे तिथे आणला. तो यादीवर सही करणार, एवढ्यात बादलीवरून आवाज आला.

“शेट, त्येला इचारा, क्यामेरा कुठं लागणार?”

“दत्तोबा, गप्प बसा. सौदा चाललाय.”

“इचारा तर.”

लार्स बघत राहिला, म्हणून मला इंग्रजीत सांगावं लागलं. लार्सनं पेन खाली ठेवलं आणि तो मोठ्यांदा हसला. हाच प्रश्न तो महिनाभर आपल्या लोकांना विचारत होता म्हणे, पण दिग्दर्शिकेला ‘खरं घर’ हवं होतं. दोघे माझ्या टेबलावर वाकले. लार्सनं तळं काढलं, घर काढलं, कॅमेऱ्याच्या दोन जागा काढल्या. दत्तोबांनी कानावरची पेन्सिल घेऊन घराच्या दोन भिंती खोडल्या. मग लार्सचा हात धरून त्याला यार्डाच्या मागे नेलं. तिथे माझ्या करवतीच्या गिरणीतून निघालेल्या सालीच्या फळ्यांचा ढीग होता. एका बाजूनं सपाट, दुसऱ्या बाजूनं गोल, वर साल. मी तो कचरा पैसे देऊन उचलून न्यायला लावत असे. दत्तोबांनी दोन फळ्या एकावर एक उभ्या धरल्या आणि लार्सला लांब उभं करून डोळा मिटायची खूण केली.

समोर ओंडक्यांची भिंत उभी होती.

माझी दोन ट्रकांची ऑर्डर गेली. यार्डात, माझ्या डोळ्यांदेखत, माझ्याच बादलीवर बसणाऱ्या माणसानं घालवली. दोन दिवस मी त्यांच्याशी बोललो नाही. अर्थात तो कचरा मी लार्सला फुकट दिला नाही. आणि एक अट घातली, हा म्हातारा सुतार म्हणून सोबत येईल आणि सिनेमात नावं येतात तिथे त्याचं नाव येईल. लार्स म्हणाला, नावांचं आपल्या हातात नाही, पण सांगून बघतो.

डॉक्टरला आम्ही सांगितलं की जाधवकाका अप्पांना पानांचे रंग बघायला वर नेतायत, थोडे दिवस तळ्यावर राहतील. सप्टेंबर संपत आला होता, आणि खरंच तेव्हा इकडे लोक रंगलेली झाडं बघायला दूरदूर जातात. दत्तोबांनी त्या सबंध महिन्यात एक रंगीत पान पाहिलं असेल तर शपथ. झाड दिसलं की ते खोडाकडे बघायचे आणि मनात त्याच्या फळ्या पाडायचे.

मी दर शनिवारी जायचो. पहिल्याच शनिवारी तंटा. कंपनीच्या नियमानं सेटवर पुढे लोखंडी टोपी असलेले बूट घातल्याशिवाय काम करायचं नाही. दत्तोबा अनवाणी. ते जमिनीवर बसून पायाच्या अंगठ्यानं आणि बोटांनी लाकूड धरायचे आणि त्या बोटांपासून वीतभर अंतरावर वाकस चालवायचे. वाकस म्हणजे आडव्या पात्याची छोटी कुऱ्हाड. कोल्हापूरहून त्यांनी ती धोतरात गुंडाळून आणली होती. सुरक्षेचा अमेरिकन माणूस घामाघूम झाला होता.

“हा माणूस इथे बोटं तोडून घेणार, आणि उत्तर मला द्यावं लागणार!” तो मला म्हणाला.

मी भाषांतर केलं.

“त्येला म्हनावं, बुटात पाय आंधळा हुतो,” दत्तोबा म्हणाले. “आंधळ्याच्या हातात लाकूड देतो का कुनी?”

शेवटी मीच तोड काढली. काम करताना अनवाणी, चालताना बूट. चार पावलं चालायचं झालं तरी ते बूट चढवायचे, नाड्या बांधायचे, चालायचे, पुन्हा काढायचे. दोन दिवसांत तो सुरक्षेचा माणूसच कंटाळला. लार्स मात्र त्यांच्यासमोर मांडी घालायचा प्रयत्न करत तासन्‌तास बघत बसे. त्याच्याकडे आजोबांची तसलीच वाकस होती, दांडा लांब. दोघांनी एकमेकांच्या हत्याराची धार अंगठ्यानं बघितली, आणि मग त्यांना माझी गरज उरली नाही. एकाला मराठी, दुसऱ्याला स्वीडिश, आणि दोघे दिवसभर बोलत असायचे.

आढं चढलं त्या दिवशी लार्सनं पाइनच्या डहाळ्यांची एक माळ वळून छपराच्या टोकाला बांधली. त्यांच्याकडे घराचं आढं बसलं की असं करतात. सगळ्यांना खायला-प्यायला दिलं. दत्तोबांनी ते पाहिलं.

“शेट, ही मानसं ह्येला खरं घर मानत्यात,” ते मला म्हणाले.

दुसऱ्या दिवशी दाराची चौकट बसली. कोल्हापूरला सेटवरही चौकट बसवताना ते हळदकुंकू वाहायचे आणि शूटिंगच्या आधी ओल्या फडक्यानं पुसून टाकायचे. सुमनकडून त्यांनी हळदकुंकवाच्या पुड्या घेऊन ठेवल्याच होत्या. वरच्या पट्टीवर त्यांनी पाच बोटं उठवली, पिवळ्यावर लाल. नारळ मिळाला नाही म्हणून सफरचंद ठेवलं. आणि पुसायला विसरले. चाळीस वर्षांत पहिल्यांदा.

मंगळवारी त्या दारातून नायिका आत जाते तो प्रसंग चित्रित झाला. दिवसभर. तिचा चेहरा दाराशी थांबतो, आणि बरोबर वर पाच ठिपके. कुणाच्या लक्षात आलं नाही. बुधवारी दिग्दर्शिकेच्या आलं.

लार्सचा फोन आला तसा मी काम टाकून चार तास गाडी मारत गेलो. वाटेत भांडणाची सगळी तयारी केली होती. तिथे पाहिलं तर दत्तोबा बूट घालून, हत्यारांची पेटी बांधून, घराच्या मागच्या बाजूला टेकूंच्या सावलीत बसलेले.

“शेट, चला. मी त्यांचा दिस घालवला.”

“होतं हो चुकून. मी बोलतो त्यांच्याशी.”

“न्हाई. सुताराचा हात क्यामेऱ्यात दिसता कामा नये. चाळीस वर्सांत दिसला न्हाई. घर दिसायला पायजे, मी न्हाई.” मग हळूच म्हणाले, “ह्येचीच भूल पडली. मला वाटलं, ह्येच्यात कुनीतरी ऱ्हानार हाय.”

मी दिग्दर्शिकेकडे गेलो. पन्नाशीची, बारीक, थंड डोळ्यांची बाई. मी तावातावानं सुरुवात केली. तिनं हात वर करून मला थांबवलं आणि विचारलं, हे ठिपके कशासाठी असतात? मी म्हटलं, आमच्याकडे नव्या घराच्या चौकटीवर लावतात, आत राहणाऱ्यांचं भलं व्हावं म्हणून. ती चौकटीखाली जाऊन उभी राहिली. वर बघत म्हणाली, राहू देत. माझ्या गोष्टीतल्या बाईनंही काहीतरी लावलंच असतं. काय, ते मला सुचत नव्हतं.

आयुष्यात पहिल्यांदाच माझी तयारी वाया गेल्याचा आनंद झाला. दत्तोबांनी पेटी सोडली, बूट काढले.

पण घरी मात्र बिंग फुटलं होतं. डॉक्टरनं आमच्याकडे फोन केला, आणि सुमनला खोटं बोलता येत नाही. गुरुवारी दुपारी त्याची गाडी तळ्याकाठी येऊन थांबली. दुर्दैवानं रस्ता घराच्या मागून होता. त्यामुळे डॉक्टरनं पहिल्यांदा पाहिलं ते हे : वेडेवाकडे टेकू, वाळूची पोती, न रंधलेल्या फळ्या, आणि त्यांच्यामध्ये जमिनीवर बसलेला, भुश्शानं पांढरा झालेला, अनवाणी बाप.

“अप्पा, उठा. गाडीत बसा.”

“काम अर्धं हाय, इलास.”

“कसलं काम? हे? सत्तरीत? थंडीत?” त्याचा आवाज चढला. “लोक काय म्हणतील? डॉक्टर वडलांना मजुरी करायला लावतो! जाधवकाका, तुमच्याकडून ही अपेक्षा नव्हती.”

माझ्या तोंडाशी आलेलं मी इथे लिहीत नाही. पण दत्तोबांनी मला डोळ्यांनी गप्प केलं. ते उठले. बूट घातले, नाड्या बांधल्या. मुलाचा हात मनगटाशी धरला, तापात नाडी बघतात तसा, आणि त्याला वळसा घालून पुढे, तळ्याच्या काठाशी नेलं. तिथे जमिनीत कॅमेऱ्याच्या तीन पायांच्या खुणा होत्या.

“हितं उभा ऱ्हा.”

“अप्पा, प्लीज…”

“हितं. आता एक डोळा मीट.”

डॉक्टरनं कंटाळून डोळा मिटला. समोर घर होतं. शंभर वर्षांपूर्वीचं, पावसानं काळवंडलेलं. चुलीचा धूर लागून छपराची कड काळी झालेली. चहाचं पाणी आणि काजळी वापरून दत्तोबांनी तो काळ त्याला चढवला होता. दार अर्धं उघडं. वर पाच ठिपके.

तो मिटलेला डोळा उघडेना.

“आई स्टुडिओत डबा घेऊन यायची, तेव्हा तुम्ही मला असंच उभं करायचात,” तो शेवटी म्हणाला.

“आन्‌ तू म्हनायचास, ह्येच्यात ऱ्हायाला जाऊ.”

डॉक्टरनं नाक ओढलं. थंडी होतीच. “किती दिवसांचं राहिलंय?”

“आठ.”

“मी पुढच्या शुक्रवारी येतो न्यायला,” तो म्हणाला आणि गाडीकडे निघाला. जाताना मला विचारलं, “मोजे तरी आहेत का त्यांच्याकडे?” मी म्हटलं, आहेत, घालत नाहीत.

दीड वर्षानं स्वीडनहून कॅसेट आली. ती इकडच्या मशीनवर चालेना; डॉक्टरनं युनिव्हर्सिटीत कुणाला तरी गाठून ती इकडच्या मशीनजोगी करून आणली. आम्ही सगळे त्याच्या घरी जमलो. दत्तोबांनी अख्खा सिनेमा सोफ्याच्या टोकावर बसून एका डोळ्यानं पाहिला आणि शेवटी एवढंच म्हणाले, “उजवी भिंत अर्धा इंच भाईर हाय.” मग नावं आली. भराभरा, वरवर जाणारी, एकही ओळखीचं नाही. माझा संताप चढू लागला होता, तेवढ्यात डॉक्टर ओरडला, “थांबवा!” नात पळत जाऊन बटण दाबून आली. पडद्यावर थरथरत उभं होतं : दत्तोबा सुतार. त्यांचं नाव त्यांना इंग्रजी लिपीत वाचता येईना, म्हणून डॉक्टरनं पडद्याला बोट लावून वाचून दाखवलं. नावाच्या आधीचा स्वीडिश शब्दही त्यानं डिक्शनरीत आधीच बघून ठेवला होता. कारपेंटर.

त्या वर्षाच्या उन्हाळ्यात दत्तोबा कोल्हापूरला परत गेले. सेट मोडला की सुतार घरी जातो, असं म्हणून गेले. विमानतळावर मी जाऊ शकलो नाही, ट्रक आला होता. मागच्या वर्षी ते तिकडेच वारले. नात्यातल्या एका पोरीच्या लग्नाचा मांडव बघून आले, खांब एका रेषेत नाहीत म्हणाले, जेवले आणि झोपले, ते उठले नाहीत.

स्मरणिकेतली ओळ वाचल्यावर प्रभाकररावांच्या पाठोपाठ मी डॉक्टरलाही फोन केला होता. चांगला फैलावर घेतला. तो ऐकून घेत राहिला. मग म्हणाला, “जाधवकाका, मी पाठवलेल्या कागदाची कॉपी आहे माझ्याकडे. वाचू का? ‘दत्तोबा सुतार, सुतार.’ एवढंच आहे. मंडळात त्यांनी फिरवलं. मी आजच त्यांच्याशी भांडलोय. तुमच्याइतकं नाही जमलं.”

आता माझ्याकडे रागवायला प्रभाकरराव तेवढे उरलेत. ते पुरतील.

दत्तोबा म्हटलं की मला तळ्यावरच्या त्या पुढच्या शुक्रवारची दुपार दिसते. तीच मी त्यांची शेवटची भेट धरतो. घर पाडून झालं होतं, फळ्या ट्रकमध्ये चढल्या होत्या, स्वीडनची माणसं हात मिळवून गेली होती. नुसतं पिवळं गवत उरलं होतं, आणि त्यात दत्तोबा वाकून, दोरीला बांधलेलं लोहचुंबक फिरवत हिंडत होते.

“दत्तोबा, चला आता,” मी हाक मारली. “काय शोधताय?”

“खिळं. गुराच्या खुरात जात्यात.”

“इथे कुठली गुरं?”

“हरनं हायत की.”

डॉक्टर गाडीतून उतरला होता. ऑपरेशन करून तसाच आलेला. अंगात सूट, पायांत चकचकीत बूट. मग कोट काढून त्यानं गाडीच्या टपावर टाकला, बूट-मोजे काढले आणि त्या थंडगार गवतात अनवाणी शिरला. बापाच्या शेजारी, त्याच्याच ओळीत, वाकून बोटांनी गवत चाचपत पुढे सरकू लागला. थोड्या वेळानं त्यानं काहीतरी उचललं आणि उजेडाकडे धरलं.

“अप्पा, हा बघा. फारच वाकलाय. होईल सरळ?”

दत्तोबांनी मान वर न करताच हात पुढे केला.

“दे हिकडं.”